उत्तर मागणारा आवाज

आकाशवाणीच्या सुरुवातीच्या काळातल्या माणसांविषयी मराठीत लिहिलं जातं ते बहुतेक आवाजाविषयी. कुणाचा आवाज धीरगंभीर होता, कुणाचे उच्चार खणखणीत होते, सकाळी सात वाजून पाच मिनिटांच्या पुण्याच्या बातम्या लागल्या की घरोघरी कशी धांदल उडायची, अशा आठवणींची आपल्याकडे वाण नाही. त्या खोट्या नाहीत, पण त्यांतून प्रसारकाच्या कामाचा अर्धाच भाग दिसतो. बोलणारा माणूस स्टुडिओत बसतो, त्याला समोर कुणी दिसत नाही, आणि आपलं बोलणं पोचलं की हवेत विरलं हे त्याला परस्पर कळण्याची काही सोय नसते. ही सोय ज्यांनी मुद्दाम करून घेतली, त्यांचंच काम टिकाऊ ठरलं, असं मला म्हणायचं आहे. पुणे केंद्राचा पहिला काळ, दिल्लीतल्या दूरचित्रवाणीचा जन्म आणि जुन्नर-आंबेगावचा मुलूख एकत्र मांडून पाहिले तर हे म्हणणं तपासता येतं. या दोन तालुक्यांचा रेडिओशी संबंध वरवर वाटतो त्यापेक्षा जवळचा आहे. नारायणगावजवळच्या आर्वीत १९७१ साली परदेशी दळणवळणासाठी उपग्रह भू-केंद्र उभं राहिलं. खोडदला पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तीस अँटेनांची महाकाय रेडिओ दुर्बीण आहे. ती स्वतः एक शब्द बोलत नाही, नुसती ऐकते, आणि मानवी प्रसारणाचा गोंगाट कमी म्हणून तर ही जागा तिच्यासाठी पसंत केली गेली.

गोंगाट कमी असण्याचं एक कारण म्हणजे डोंगर आणि शहरांपासूनचं अंतर, आणि हेच कारण इथल्या श्रोत्याच्या आड येत आलं आहे. पुणे केंद्र ७९२ किलोहर्ट्झवर लागतं, म्हणजे त्याच्या लहरीची लांबी जवळजवळ ३८० मीटर. एवढी लांब लहर जमिनीला धरून सरकते, टेकाडं वळसा घालून ओलांडते, म्हणून मध्यम लहरींचा रेडिओ घोड आणि कुकडीच्या खोऱ्यांत आतपर्यंत जातो. दूरचित्रवाणीच्या लहरी अवघ्या काही मीटरच्या. त्यांना मनोरा आणि अँटेना यांच्यामध्ये मोकळी जागा लागते. सिंहगडावरून निघालेलं चित्र नारायणगावच्या मोकळ्या रानात एक वेळ उतरायचं, पण भीमाशंकरच्या कुशीतल्या किंवा नाणेघाटाकडच्या वाडीत पोचताना त्याचा जीव जायचा. त्यामुळे या भागात पश्चिमेच्या आदिवासी पट्ट्याला आणि पूर्वेच्या बागायती पट्ट्याला एकच कार्यक्रम सारखा मिळाला, असं म्हणता येतं ते रेडिओच्या बाबतीतच, आणि तेही जिथे संच होता तिथे. पन्नाशीच्या दशकात खेड्यात घरोघरी संच नव्हते. वीज नव्हती, ट्रान्झिस्टर अजून यायचा होता, झडपांचा संच जाडजूड बॅटरीवर चालायचा आणि बॅटरी संपली की दुसरी येईपर्यंत मुका व्हायचा. शिवाय पोस्टात पैसे भरून लायसन काढावं लागे. म्हणून सरकारी योजनेतून गावाला मिळून एक संच दिला जाई आणि तो चावडीत, शाळेत किंवा देवळात ठेवला जाई. माणसं एकत्र बसून ऐकत ती गरज म्हणून. या गरजेचं सोनं कसं करायचं हे मात्र कुणाला तरी सुचावं लागलं.

पुणे केंद्र २ ऑक्टोबर १९५३ रोजी सुरू झालं. माहिती व नभोवाणी खातं तेव्हा बाळकृष्ण विश्वनाथ केसकर या मराठी मंत्र्याकडे होतं. चित्रपटगीतांना आकाशवाणीवरून हाकलणारे म्हणून केसकर बदनाम आहेत आणि त्या बाबतीत ते हट्टी होतेच. पण त्यांच्याच कारकिर्दीत साहित्यिक आणि कलावंतांना निर्माते म्हणून नोकरीत घेण्याचं धोरण आलं. त्या काळात पु. ल. देशपांडे, व्यंकटेश माडगूळकर, बा. भ. बोरकर, मंगेश पाडगावकर, यशवंत देव अशी माणसं आकाशवाणीत दिसू लागली. यांतले माडगूळकर आपल्या विषयाच्या दृष्टीने सगळ्यांत महत्त्वाचे. ‘माणदेशी माणसं’ १९४९ साली येऊन गेलं होतं, ‘बनगरवाडी’ १९५५ साली पुस्तकरूपाने आली, आणि हा लेखक पुणे केंद्राच्या ग्रामीण विभागात जाऊन बसला तो पुढची काही दशकं. मोठ्या लेखकाला पोटापाण्यासाठी करावी लागलेली चाकरी, असं त्याकडे पाहिलं जातं. मला ते पटत नाही. रेडिओने त्यांची शैली घडवली असंही म्हणता येणार नाही, कारण ती आधीच घडलेली होती. उलट केंद्राला त्यांची गरज होती. पुण्याच्या स्टुडिओत बसून ज्याच्याशी बोलायचं, तो मेंढका, तो बलुतेदार, तो दोन एकरांचा धनी कशावर विश्वास ठेवतो आणि कशावर ठेवत नाही, हे ठाऊक असलेला माणूस खात्यात एखादाच असतो. शेतकी खात्याचं पत्रक वाचून दाखवायला कुणीही चालतं. ते पत्रक ऐकून समोरचा मनात काय म्हणेल, हे आधीच ओळखायला मात्र माणदेशात उन्हं खाल्लेला माणूस लागतो.

पण नुसतं ओळखून भागत नाही. ओळख चुकीची निघू शकते, आणि म्हणून १९५६ साली पुणे केंद्रावर जे झालं ते मला मराठी प्रसारणाच्या इतिहासातलं सर्वांत मोलाचं पाऊल वाटतं. मुळात कल्पना कॅनडाची. तिथे १९४१ पासून हिवाळ्यात शेजारपाजारचे शेतकरी एका घरी जमून रेडिओवरचा कार्यक्रम ऐकत, त्यावर चर्चा करत आणि आपलं म्हणणं लिहून पाठवत. युनेस्कोने तो प्रयोग भारतात करून पाहायचं ठरवलं. आकाशवाणीचे महासंचालक जगदीशचंद्र माथुर यांनी तो उचलून धरला आणि जागा ठरली ती पुणे केंद्राची. पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या पाच जिल्ह्यांतली सुमारे दीडशे गावं निवडली गेली. फेब्रुवारी ते एप्रिल १९५६ या दहा आठवड्यांत, आठवड्यातून दोनदा, अर्ध्या तासाचे एकंदर वीस कार्यक्रम झाले. विषय शेतीचे, आरोग्याचे, साक्षरतेचे, ग्रामपंचायतीचे. प्रत्येक गावात वीसएक जणांचं मंडळ, त्याचा एक अध्यक्ष आणि एक चिटणीस. ठरलेल्या वेळी मंडळी संचाभोवती बसायची, अर्धा तास ऐकायची आणि मग संच बंद करून तेवढाच वेळ किंवा जास्त आपापसात बोलायची. कुणाला काय पटलं, काय पटलं नाही, गावात काय करता येईल, केंद्राला काय विचारायचं, हे चिटणीस टिपून घ्यायचा आणि पोस्टाने पुण्याला पाठवायचा. पुढच्या कार्यक्रमात त्या प्रश्नांना उत्तरं मिळायची. ऐका, चर्चा करा, कृती करा, ही त्याची घोषणा. सारी यंत्रणा काय, तर एक वही, एक टाक आणि टपाल. पण त्यामुळे स्टुडिओतल्या माणसाला पहिल्यांदाच एक गोष्ट लेखी मिळू लागली, ती म्हणजे आपलं बोलणं कुठे अडलं याचा हिशेब.

प्रयोगाची तपासणी मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेकडे होती आणि ती केली पॉल न्यूराथ या समाजशास्त्रज्ञाने. हा मूळचा व्हिएन्नाचा माणूस. चित्रांमधून आकडेवारी समजावण्याची पद्धत काढणाऱ्या ओटो न्यूराथचा मुलगा. डाखाव आणि बुखेनवाल्डच्या नाझी छावण्यांतून सुटून अमेरिकेत प्राध्यापक झालेला. त्याने केलेली मांडणी साधी होती आणि म्हणूनच भक्कम. मंडळ असलेली गावं एका बाजूला, रेडिओ आहे पण मंडळ नाही अशी दुसऱ्या बाजूला आणि दोन्ही नाहीत अशी तिसऱ्या बाजूला. प्रयोगाआधी आणि प्रयोगानंतर त्याच विषयांवर गावकऱ्यांना प्रश्न विचारले. मंडळाच्या गावांत माहिती ठळकपणे वाढली, नुसता रेडिओ असलेल्या गावांत ती फारच थोडी वाढली. युनेस्कोने माथुर आणि न्यूराथ यांचा अहवाल १९५९ साली छापला, त्याच वर्षी भारत सरकारने ही मंडळं देशभर काढायला घेतली आणि पुढे घानानेही तसाच प्रयोग केला. पुण्याच्या टपालातून सुरू झालेली गोष्ट आफ्रिकेपर्यंत गेली, पण पुण्यात तिची आठवण फारशी निघत नाही. याच केंद्रावर रामनवमी १९५५ पासून वर्षभर गदिमा आणि बाबूजींची छप्पन्न गीतांची ‘गीतरामायण’ मालिका चालू होती, आणि तिचे शेवटचे आठवडे याच प्रयोगाच्या आठवड्यांत येतात. त्या तेजापुढे चिटणिसांच्या वह्या कुणाला दिसणार?

इथे पहिला आक्षेप येतो आणि तो रास्त आहे. दहा आठवडे म्हणजे नव्याची नवलाई. वर सरकारी माणसं पाठीशी उभी, पाहणीला साहेब येणार हे ठाऊक, मग कुठलं गाव उत्साह दाखवणार नाही? यातलं नवलाईचं खरं आहे. नंतर देशभर जी हजारो मंडळं कागदावर उभी राहिली, त्यांतली कितीतरी संच नादुरुस्त झाला म्हणून, ग्रामसेवकाची बदली झाली म्हणून किंवा पाठवलेल्या प्रश्नाला उत्तरच आलं नाही म्हणून थंडावली. पण हे अपयश माझ्या मुद्द्याच्या विरोधात जात नाही. साहेबांच्या धाकाने गाव हजेरी लावेल, पण ऐकलेलं लक्षात ठेवणं आणि त्यावर उलट प्रश्न करणं धाकाने होत नाही. शिवाय रेडिओ असलेल्या पण मंडळ नसलेल्या गावांशी केलेली तुलना आहेच. दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे. मंडळ म्हणजे गावाचा आवाज कशावरून? चावडीत बसणार पुरुष, त्यातही बोलणार ते ज्यांची जमीन जास्त आणि जात वरची. बायका या प्रयोगात जवळजवळ नव्हत्याच. जुन्नरच्या पश्चिमेचा महादेव कोळी शेतकरी अशा मंडळात बसला असता तरी त्याचं म्हणणं चिटणिसाच्या वहीत कितपत उतरलं असतं, हा प्रश्न उरतोच. हा दोष मान्य केलाच पाहिजे. एवढंच की हा दोष दिसतो तो वही असते म्हणून. ज्या प्रसारणात उत्तर परत येतच नाही, तिथे कोण गप्प राहिलं हे कळायलाही मार्ग नसतो.

पु. ल. देशपांडे यांची कारकीर्द याच चौकटीत ठेवून पाहण्यासारखी आहे. विद्यार्थिदशेतच रेडिओच्या श्रुतिकांत काम करू लागलेले पु.ल. १९५५ साली आकाशवाणीच्या नोकरीत आले. पुढे ते दिल्लीला गेले, प्रशिक्षणासाठी बीबीसीत राहून आले आणि त्या प्रवासातून ‘अपूर्वाई’ निघाली. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत भारतातली पहिली दूरचित्रवाणी सुरू झाली, तिच्या पहिल्या निर्मात्यांत ते होते. पडद्यावर नेहरूंची पहिली मुलाखत त्यांनीच घेतली. आज हे ऐकताना डोळ्यांसमोर कोट्यवधी प्रेक्षक येतात. प्रत्यक्षात प्रक्षेपण आठवड्यातून दोनदा, तेही थोडा वेळ, दिल्लीच्या आसपास चाळीसएक किलोमीटरपर्यंत, आणि पाहणारे म्हणजे युनेस्कोच्या मदतीतून ठिकठिकाणी ठेवलेल्या संचांसमोर जमलेली ‘टेलिक्लब’ची मंडळी. म्हणजे पुन्हा तोच साचा. एक संच, त्याभोवती माणसं, नंतर चर्चा आणि कळवलेलं मत. भारतीय दूरचित्रवाणीचा जन्म घरच्या दिवाणखान्यात झालाच नाही, ती श्रोता मंडळाची धाकटी बहीण म्हणून आली. या टेलिक्लबांच्या पाहण्याही झाल्या आणि त्यांचे निष्कर्ष पुण्याच्या प्रयोगाशी मिळतेजुळते होते.

आता पु.ल. या नोकरीत फार काळ रमले नाहीत. १९६१ साली ‘बटाट्याची चाळ’ एकपात्री प्रयोग म्हणून रंगमंचावर आली, १९६२ साली ‘वाऱ्यावरची वरात’, आणि सरकारी प्रसारणातला हुद्दा मागे पडला. लेखकाला दप्तरी कारभार मानवला नाही, असा याचा सरधोपट अर्थ लावला जातो. असेलही. पण मला त्यात आणखी एक धागा दिसतो, आणि तो माझा तर्क आहे एवढं धरून चाला. ज्या कलावंताचं सगळं तंत्र समोरच्याच्या हसण्यावर बेतलेलं, कुठे थांबायचं आणि कुठे पुढे रेटायचं हे जो सभागृहाच्या श्वासावरून ठरवतो, त्याला मायक्रोफोन म्हणजे कान कापलेला श्रोता. चाळीच्या प्रयोगात उत्तर तत्काळ मिळायचं. तरीही रेडिओने त्यांना काहीच दिलं नाही असं नाही. एकट्याच्या आवाजावर पन्नास माणसांची चाळ उभी करायची तर नेपथ्य, वेशभूषा, सहकलाकार यांच्यावाचून बोलण्यातूनच चित्र काढता आलं पाहिजे, आणि ही मेहनत श्रुतिकेच्या स्टुडिओत जितकी होते तितकी दुसरीकडे कुठे होत नाही. बिनकानाच्या श्रोत्यापुढे वर्षानुवर्षं बोललेला माणूस कानवाल्या श्रोत्यांपुढे गेल्यावर काय करू शकतो, ते महाराष्ट्राने पाहिलं.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं आणि पुढच्या वर्षी सिंहगडावरून ते पुण्याला दिसू लागलं. ‘आमची माती आमची माणसं’ हा शेतकऱ्यांसाठीचा कार्यक्रम मनापासून केलेला होता, त्याला पत्रंही येत असत. पण गावागावांत मंडळ, चिटणीस आणि वही अशी बांधणी त्यामागे उरली नव्हती. मग १९७५-७६ साली अमेरिकेचा उपग्रह उसना घेऊन ‘साइट’चा मोठा प्रयोग झाला. सहा राज्यांतल्या सुमारे २४०० गावांत थेट उपग्रहावरून कार्यक्रम पोचले. त्या सहा राज्यांत महाराष्ट्र नव्हता. आर्वीत जवळजवळ तीस मीटरची तबकडी आकाशाकडे तोंड करून उभी होती, देशाचे परदेशी टेलिफोन तिच्यातून जात होते, आणि तिच्या सावलीतल्या गावांना मात्र उपग्रहाचा दूरचित्रवाणी संच काही मिळाला नाही. तंत्र दाराशी असलं म्हणजे सेवा घरात येतेच असं नाही. याच सुमारास गुजरातेत खेडा जिल्ह्यात (आपल्या राजगुरुनगरच्या खेडशी गल्लत नको) इस्रोने एक छोटं प्रक्षेपण केंद्र चालवलं. तिथले निर्माते गावात जायचे, गावकऱ्यांच्याच बोलीत त्यांच्याच अडचणींवर कार्यक्रम बसवायचे आणि दाखवून झाल्यावर पुन्हा विचारायला जायचे. सावकारी, मजुरी, जातीचा जाच असे अडचणीचे विषय तिथे पडद्यावर आले, ते दिल्लीहून येणाऱ्या कार्यक्रमांत येणं शक्य नव्हतं. खेडा जिल्ह्यातल्या या कामाला युनेस्कोचं पारितोषिक मिळालं आणि नंतर राष्ट्रीय जाळ्याच्या विस्तारात ते केंद्रच गुंडाळलं गेलं.

यावर कुणी म्हणेल, लोकांनाच मंडळ नको होतं. ट्रान्झिस्टर हातात आला तसा माणूस चावडीवरून उठून आपल्या ओट्यावर गेला, औताला रेडिओ अडकवून नांगरू लागला, आणि त्याला शेतीवरच्या ‘माझं घर माझं शेत’पेक्षा फर्माईशी गाण्यांची ‘आपली आवड’ प्यारी वाटली तर त्यात गैर काय? काहीच गैर नाही. ग्रामीण श्रोत्याला बारमाही शहाणपण पाजत राहायचं ही खात्याची खोड होती आणि लोकांनी बटण फिरवून तिला चोख उत्तर दिलं. नारायणगावसारख्या तमाशाच्या पेठेत, जिथे विठाबाईंच्या फडाने रात्री जागवल्या, तिथल्या प्रेक्षकाला करमणुकीत कुणाची शिकवणी नको होती हे वेगळं सांगायला नको. पण तमाशातही फर्माईश होते, दौलतजादा होतो, सोंगाड्या समोरच्याला ओढून घेतो आणि समोरचा सोंगाड्याला टोमणा मारतो. म्हणजे लोकांना विटाळ होता तो उपदेशाचा, उलटून बोलण्याचा नव्हे. ‘आपली आवड’ तरी कशावर चालत होती? गावाच्या नावासकट आलेल्या पत्रांवर.

शेवटचा आक्षेप आजचा. आता प्रत्येकाच्या हातात फोन आहे, टोमॅटोचा भाव नारायणगावच्या बाजारात फुटायच्या आत गटावर पडतो, मग उत्तर परत येण्याची अडचण राहिली कुठे? अडचण राहिली आहे ती बिबट्याच्या उदाहरणावरून दिसते. कुकडी प्रकल्पाची धरणं झाली, माणिकडोह, येडगाव, वडज, पिंपळगाव जोगा आणि आंबेगावातलं डिंभे, तसा बाजरीच्या रानात ऊस आला आणि उसात बिबट्या राहू लागला. माणिकडोहला बिबट्यांचं निवारा केंद्र आहे, वन खातं गावोगाव फलक लावतं, ध्वनिक्षेपकावरून आणि फोनवरून सूचना देतं. अंधारात एकटं शेतात जाऊ नका, लहान मुलांना सांभाळा, वाकून काम करताना सावध राहा. सूचना बरोबरच आहेत. पण शेतकऱ्याचं त्यावरचं म्हणणं असं की शेतीपंपाची थ्री फेज लाईट पाळीपाळीने येते आणि आठवड्यातले काही दिवस तिची पाळी रात्रीची असते. पाणी धरायला आम्ही रात्री गेलो नाही तर पीक जळेल, तेव्हा आम्हाला घरात बसा म्हणण्याआधी दिवसा लाईट द्या. जुन्नर-आंबेगावातून ही मागणी पुन्हा पुन्हा उठली आहे, पण ती उठली मोर्च्यातून, माणूस दगावल्यावर. वन खात्याच्या संदेशात ती नव्हती, असणारही नव्हती, कारण लाईट हे त्या खात्याचं काम नाही. १९५६ च्या रीतीने हाच संदेश रेडिओवरून गेला असता आणि वीस माणसं त्यावर बोलायला बसली असती, तर पहिल्याच बैठकीनंतर चिटणिसाच्या वहीत लाईटचा प्रश्न पहिल्या ओळीवर आला असता, आणि पुढच्या कार्यक्रमाला वनाधिकाऱ्याच्या शेजारी वीज मंडळाचा अभियंता बोलवावा लागला असता.